ब्रेक लागलाच नव्हता

जबड्याला तारा बांधलेल्या माणसाशी लोक मोठ्यानं बोलतात. का, ते मला अजून कळलेलं नाही. अहो, तोंड बंद आहे, कान नव्हेत! पण दीड महिना जो येईल तो माझ्या कानाशी वाकून ओरडायचा, "कसं वाटतंय आता?" आणि मी पाटी जवळ ओढून काही लिहायच्या आत बरोबरचा कुणीतरी माझ्या वतीनं उत्तर देऊन मोकळा व्हायचा. "बरं वाटतंय म्हणतीय." मी काहीही म्हटलेलं नसायचं.

माझं नाव सुजाता. सोलापुरात राहते. चौदा वर्षं बसवर कंडक्टर आहे, म्हणजे ओरडून पोट भरणारी बाई. माहेरी मला भोंगा म्हणायचे. अशा बाईचं तोंड दीड महिना बंद झालं, तर गल्लीनं पेढे वाटायला हवे होते.

हे मी दोन तऱ्हेच्या माणसांसाठी लिहितेय. ज्यांचा जबडा मोडलाय त्यांना काय खायचं, कशाला भ्यायचं आणि कशाला नाही, ते सांगायला. आणि ज्यांना कुणीतरी "पडले म्हणून सांग" असं शिकवतंय, त्यांच्यासाठी. दुसऱ्यांसाठी जरा जास्तच.

घंटा कुणाची

सकाळची अकराची सोलापूर-बार्शी गाडी. स्टेअरिंगवर रशीदमामा. सव्वीस वर्षांत ज्यांच्या गाडीनं कोंबडीसुद्धा मारलेली नाही, असे आमच्या डेपोतले सगळ्यांत जुने ड्रायव्हर. वैरागला तिघं चढले. त्यातल्या एकाच्या उजव्या हातात जाडजूड चांदीचं कडं होतं. त्याचं नाव मी इथं लिहीत नाही, कोर्टाच्या कागदावर आहे. त्या पट्ट्यात सगळे त्याला ओळखतात, आणि आपल्याला सगळे ओळखतात हे त्यालाही माहीत आहे.

पुढं रस्त्याला लागून त्याच्या बंगल्याचं मोठं फाटक आहे. तो म्हणाला, "फाटकापाशी थांबव."

"तिथं थांबा नाही दादा. पुढच्या फाट्यावर उतरा, पाच मिनिटं लागतील चालत."

"माझ्यासाठी थांबती गाडी."

"आज नाही थांबणार."

आता बसमधली एक गोष्ट सांगते. छताला दोरी असते, तिच्या टोकाला ड्रायव्हरच्या डोक्याशी घंटा. दोरी एकदा ओढली की गाडी थांबते, दोनदा ओढली की सुटते किंवा न थांबता पुढं जाते. ड्रायव्हर मागं वळून बघत नाही, कुणाचा आरडाओरडा ऐकत नाही, फक्त घंटा ऐकतो. आणि दोरी कंडक्टरची. आमदार बसलेला असला तरी दोरी कंडक्टरचीच.

त्यानं दोरीला हात घातला. मी त्याचा हात बाजूला सारला आणि दोनदा ओढली. मामांनी गाडी दामटली. फाटक मागं गेलं.

मग त्यानं मला मारलं. पहिली चापट होती. दुसरा बुक्का, कड्यासकट. दोन्हींच्या मधे एक शिवी दिली आणि त्या शिवीत माझी जात काढली. आम्ही बौद्ध, हे त्याला कुणी सांगितलं होतं देव जाणे. बहुतेक माझ्या छातीवरच्या पट्टीवरचं आडनाव वाचलं असेल. गाडीत तीस-एक माणसं होती. त्या दिवशी सगळ्यांना खिडकीबाहेरची ज्वारी फार आवडली.

मामांनी आरशात बघितलं आणि गाडी अलगद कडेला घेतली. ते तिघं सावकाश उतरून गेले. तोंडात काहीतरी खडा आल्यासारखं वाटलं म्हणून मी हातावर थुंकले. माझीच दाढ होती.

मान

सोलापूरच्या सरकारी दवाखान्यात मामांनीच आणलं. माझ्या ओढणीचं त्यांनी डोक्यावरून हनुवटीखाली बांधलेलं गाठोडं लाल झालं होतं. फोटो काढले. एक तरुण डॉक्टरबाई आल्या, एक्स-रेची फिल्म उजेडात धरून म्हणाल्या, "दोन ठिकाणी मोडलाय. कानाखाली आणि इथं पुढं. तारा बांधाव्या लागतील." मग केसपेपर ओढला, पेन उघडलं आणि विचारलं, "कसं झालं?"

मी तोंड उघडायला गेले तर नुसतं रक्त आलं.

मामा म्हणाले, "मी जोरात ब्रेक मारला, डॉक्टर. बाई दांडीवर आपटल्या."

मी त्यांच्याकडं बघितलं. त्यांनी बघितलं नाही.

डॉक्टरबाईंनी मला विचारलं, "असंच झालं का?"

आणि मी मान हलवली.

ही मान मला पुढं लई महागात पडली. मला कुणी धमकावलं नव्हतं. तो तिथं नव्हताही. पण मान हलवायला काही लागत नव्हतं, आणि नाही म्हणायला बोलावं लागणार होतं. शिवाय खरं सांगायचं तर लाज वाटली. मार खाल्ल्याची लाज मारणाऱ्याला वाटायला हवी, ती मलाच वाटत होती. तीस माणसांसमोर थोबाडीत खाल्लेली कंडक्टर होण्यापेक्षा ब्रेकनं पडलेली कंडक्टर बरी, असं त्या क्षणी वाटलं. डॉक्टरबाईंनी लिहिलं, "बसमध्ये पडून मार." पोलीस चौकीतून एक जण आला, मामांना विचारून तेच उतरवून घेऊन गेला.

दुसऱ्या दिवशी मामा खाटेशी येऊन पुटपुटले. "बेटा, ड्यूटीवर अपघात म्हनलं की रजा, दवाखाना, समदं सरळ व्हतं. मारामारी म्हनलं की पोलीस, कोर्ट. आन रोज त्याच रोडवरनं जायचं हाय आपल्याला. माझं घर बी तितंच हाय." त्यांनी माझ्या भल्यासाठीच केलं होतं आणि स्वतःच्याही. सव्वीस वर्षं जपलेला नावलौकिक त्यांनी माझ्यासाठी खड्ड्यात घातला होता. मला त्यांचा राग आला आणि रडूही आलं. बांधलेल्या तोंडानं रडता येत नाही, नाक चोंदतं आणि जीव घाबरा होतो. नव्या पेशंटांनी हे लक्षात ठेवावं.

पक्कड

तारा म्हणजे काय, तर वरच्या दातांना एक पट्टी, खालच्या दातांना एक पट्टी, आणि दोन्ही एकमेकींना तारेनं आवळून टाकायच्या. हाड जुळेपर्यंत तोंड उघडायचं नाही. घरी सोडताना डॉक्टरबाईंनी माझ्या नवऱ्याला, मिलिंदला, बाजूला घेतलं आणि सांगितलं, उलटी झाली आणि ती घशात अडकली तर तार कापावी लागेल, तोडायचं हत्यार कायम जवळ ठेवा.

मिलिंद टॉवेलच्या कारखान्यात जॉबर आहे, माग बिघडले की दुरुस्त करतो. त्यानं आपली पक्कड तीन वेळा उकळली, इस्त्रीच्या रुमालात गुंडाळली आणि शर्टाच्या खिशात ठेवली. दीड महिना ती तिथंच होती. कामावर जाताना तो ती आमच्या प्रज्ञाकडं द्यायचा. प्रज्ञा दहावीत. ती पक्कड घेऊन माझ्या शेजारी भूगोल पाठ करायची.

एका दुपारी खरंच मळमळलं. गोळीनं असेल. मिलिंद घरी होता. त्यानं पक्कड काढली, माझ्यासमोर गुडघ्यावर बसला आणि माझ्या तोंडातली कुठली तार आधी कापायची ते बघू लागला. डॉक्टरबाईंनी सांगितल्यासारखी मी पुढं वाकले, जेवढं आलं तेवढं दातांच्या फटीतून वाहून गेलं. कापावं लागलं नाही. म्हणून सांगते, उताणं पडायचं नाही, घाबरून गिळायचं नाही, पुढं वाका, निघून जातं.

पण त्या दुपारी मी जेवढी भ्याले तेवढी बसमध्ये भ्याले नव्हते. आणि भीती उतरल्यावर जो संताप आला तो अजून उतरलेला नाही. बसमधल्या त्या माणसानं हात उचलायला एक क्षण घेतला होता. आणि माझ्या घरातली तीन माणसं, मिलिंद, प्रज्ञा आणि सासूबाई, दीड महिना पक्कड उशाशी घेऊन जगत होती.

खाण्याचं सांगते. सगळ्यात मागच्या दाढेमागं थोडी फट असते, त्यातून नळी जाते. माझी दाढ पडली होती, तेवढी जास्तीची जागा. तेवढेच त्याचे उपकार म्हणायचे! भाताची पेज, ज्वारीची आंबील, मटकीच्या आमटीचं पाणी. प्रज्ञा आमटी-भाकरी मिक्सरमध्ये फिरवून, गाळून आणायची आणि म्हणायची, "आई, सिमेंट आलंय." सोलापूरच्या माणसाचं तोंड बांधणं हा वेगळाच छळ आहे. शेजारी कडक भाकरी कडाडा मोडली जातीय, सासूबाई उखळात शेंगाचटणी कुटतायत, आणि आपण सिमेंट ओढतोय.

बोलण्यासाठी पाटी होती. पण दर वेळी कुठं लिहीत बसायचं? मी स्टीलचा पेला आणि चमचा घेतला. एकदा टण्‌ म्हणजे थांबा, नको. दोनदा टण्‌टण्‌ म्हणजे चालू द्या, हो. चौदा वर्षांची सवय. घर दोन दिवसांत शिकलं. सासूबाई तेवढ्या वैतागायच्या. "ही काय बस हाय व्हय गं?"

सफरचंदं

तिसऱ्या आठवड्यात त्याच्याकडून माणूस आला. पांढऱ्या कपड्यातले एक गृहस्थ, लई गोड बोलणारे. हातात करंडी. तिच्यात सफरचंदं आणि शेंगदाण्याची चिक्की. दातांना तारा असलेल्या बाईसाठी चिक्की!

ते माझ्याशी ओरडून बोलले आणि मिलिंदशी हळू. पोरगं तापट आहे, झालं ते झालं, तुम्हाला बदली पाहिजे तिथं करून देऊ. फक्त ते ब्रेकचं आहे तसंच राहू द्या. मग चहा पिता पिता सहज विचारल्यासारखं विचारलं, "मुलगी कुठल्या शाळेत जाते म्हणालात?"

कुणी काहीच म्हणालं नव्हतं.

ते गेल्यावर मिलिंद भिंतीला टेकून बसला. म्हणाला, "मिटवून टाकू सुजे. तू मान हलवलीयस, मामांनी सांगितलंय, कागद झालाय. आपण काहीच करायचं नाही, नुसतं गप बसायचं. पोरगी सायकलवर जाते गं."

मी टण्‌ केलं.

"तुला पोरीचं काहीच नाही का?"

हे त्यानं बोलायला नको होतं. मी पेला भिंतीवर फेकला. दोन दिवस आमच्यात पाटीवरसुद्धा काही झालं नाही. तो पक्कड मात्र खिशात ठेवून होता.

तिसऱ्या दिवशी सासूबाई माझी वेणी घालत होत्या. त्यांच्या डाव्या हाताची करंगळी वाकडी आहे, लग्न होऊन आले तेव्हापासून बघतेय. "जिन्यावरून पडले तेव्हा मोडली," एवढंच त्या सांगायच्या. त्या दिवशी वेणी घालता घालता म्हणाल्या, "सुजाता, आपल्या घराला जिना कवा हुता गं?"

मी मान वळवली. आमचं घर पत्र्याचं, बैठं. आधीचंही तसंच होतं म्हणे.

"तुझा सासरा गेला. त्याला जाऊन बारा वर्सं झाली. आन मी अजून जिन्यावरनंच पडतीय."

एवढं बोलून त्यांनी रिबिन बांधली आणि चटणी कुटायला गेल्या. मी मिलिंदकडं बघितलं. तो दारात उभा होता. त्यानं ते ऐकलं होतं. आपल्या आईचं बोट कसं मोडलं हे त्याला लहानपणापासून माहीत होतं, ते मला त्याच्या चेहऱ्यावर दिसलं. तो आत आला. खाली बसला आणि चेपलेला पेला ठोकून सरळ करायला लागला.

कागद

चार दिवसांनी पांढऱ्या कपड्यातले गृहस्थ परत आले. या वेळी करंडी नव्हती, टाईप केलेला कागद होता, आणि बरोबर रशीदमामा. मामा आमच्या घरी कैकदा जेवून गेलेत, पण त्या दिवशी पाहुण्यासारखे उंबऱ्याशीच बसले.

गृहस्थ कागद वाचू लागले. "मी खाली सही करणार, असे लिहून देते की, सदर दिवशी चालकाने अचानक ब्रेक लावल्यामुळे..."

मी टण्‌ केलं.

ते थांबले, हसले, "पूर्ण ऐका तरी ताई," म्हणून पुन्हा वाचू लागले. "...अचानक ब्रेक लावल्यामुळे माझा तोल जाऊन..."

टण्‌.

ते माझ्याकडं बघून चिडत होते. मी मामांकडं बघत होते. पहिल्या टण्‌ला मामांचा उजवा पाय जमिनीवर दाबला गेला होता. दुसऱ्यालाही. त्यांना ते कळलंही नसावं. सव्वीस वर्षं हा पाय या आवाजाला उत्तर देत आलाय.

मी पाटी घेतली. लिहिलं, "मामा, फाटकापाशी मी कितीदा घंटा दिली?" आणि त्यांच्यासमोर धरली.

मामांनी वाचली. मग टोपी काढून गुडघ्यावर ठेवली.

"डबल," ते म्हणाले.

गृहस्थ म्हणाले, "मामा, तसं नका..."

"डबल दिली हुती तिनं. साफ ऐकली मी. डबलवर मी ब्रेक मारत न्हाय. सव्वीस वर्षांत एकदा बी मारला न्हाय. ब्रेक लागलाच नव्हता." मग माझ्याकडं वळून म्हणाले, "माफ कर बेटा. मी म्हनलं माझ्यावर घेतलं की मिटंल. पन मी माझ्यावर न्हाय, तुझ्या घंटेवर घेतलं. ब्रेक म्हनलं म्हंजी तू फाटकाला सिंगल दिलीस, आसंच झालं की."

"तुमची दोन वर्षं राहिलीत ना नोकरीची?" गृहस्थांनी अगदी गोडीत विचारलं.

"व्हय. आन घर बी तुमच्याच रस्त्यावर हाय. ठावं हाय मला." मामांनी टोपी पुन्हा डोक्यावर घातली. भीती गेली नव्हती त्यांची. भीत भीतच बोलले, आणि म्हणून मला ते जास्त मोठे वाटले.

मिलिंद उठला, दार पूर्ण उघडलं आणि गृहस्थांना म्हणाला, "या तुम्ही. आणि शाळा विचारलीत ना? पोरीला उद्यापासून मी सोडणार आहे. भेटू तिथं." त्याच्या खिशातून पक्कड डोकावत होती. मला हसू आलं, तारांमुळे नाकातून भलताच आवाज निघाला.

जबाब

दुसऱ्या दिवशी पोलीस ठाण्यात गेलो. मी, मिलिंद, मामा. टेबलामागच्यानं माझं तोंड बघितलं आणि म्हणाला, "तारा निघाल्या की या. तोंडानं सांगावं लागतं."

मी पाटीवर लिहिलं, "हात मोडलेला नाही."

आतून एक महिला पोलीस आल्या, पाटी वाचली, त्याच्याकडं एक नजर टाकली आणि मला खुर्ची दिली, कागद दिले. मी चार पानं लिहिली. चापट लिहिली, बुक्का लिहिला, कडं लिहिलं. शिवी लिहायची वेळ आली तेव्हा पेन थांबलं. स्वतःच्या हातानं स्वतःला ती शिवी कशी लिहायची? मग वाटलं, ती माझी नाहीच, त्याची आहे. त्याच्या नावापुढं अवतरणात जशीच्या तशी लिहिली. आणि शेवटी हेही लिहिलं की दवाखान्यात मी मान हलवली होती, ती खोटी होती. मामांनी त्यांचा पुरवणी जबाब वेगळा दिला.

तारा तपासायला गेले तेव्हा डॉक्टरबाईंनाही पाटी दाखवली. त्या म्हणाल्या, "मला तेव्हाच शंका आली होती. पण तुम्ही मान हलवलीत." बरोबर बोलल्या. मी त्या दिवशी लेखी काय सांगितलं ते त्यांनी केसपेपरवर नोंदवलं. जुनी ओळ तशीच ठेवली, खाली नवी लिहिली. दोन्ही ओळी आता एकाच कागदावर आहेत.

सिंगल, डबल

तारा निघाल्या तेव्हा तोंड एक बोटभर उघडलं. डॉक्टरबाईंनी आइस्क्रीमच्या चपट्या काड्या दिल्या, दातांत धरायच्या, रोज एक वाढवायची. दुखतं. रडा, शिव्या द्या, पण वाढवा. मी प्रत्येक काडीला त्याचं नाव घेऊन शिवी दिली, सतरा काड्यांपर्यंत पोचले. कडक भाकरी मात्र अजून आमटीत चुरूनच खाते. घास चावताना डावीकडं कट्ट वाजतं, ते आता कायमचं आहे म्हणतात. दंतपंक्तीत एक खिंडार आहे आणि हनुवटीखाली जखमेचा व्रण. पावडर लावून झाकत नाही.

तो जामिनावर बाहेर आहे. तारखा पडतायत. काय होईल ते मला माहीत नाही, आणि सगळं छान झालं असं सांगायला मी बसलेली नाही. प्रज्ञाला मिलिंद अजून सोडायला जातो. मामांच्या घरासमोर दोनदा मोटारसायकली घिरट्या घालून गेल्या. भीती आहे. पण कागदावर ब्रेक नाही.

तीन महिन्यांनी कामावर गेले. बदली नको म्हणून मीच सांगितलं. तोच मार्ग मागून घेतला, तीच अकराची गाडी, तेच मामा. वैराग सुटलं आणि मी तिकिटाचं मशीन छातीशी घट्ट धरलं. लांबूनच दिसलं, फाटकापाशी तो उभा होता. एकटा. गाडी येताना बघून त्यानं हात आडवा केला, कडं चमकलं.

मामांनी वेग किंचित कमी केला. ते मागं वळले नाहीत, आरशातही बघितलं नाही. ते घंटेची वाट बघत होते.

मी दोरी दोनदा ओढली.

मामांनी गाडी दामटली. तो हात तसाच आडवा धरून मागं राहिला. मी तोंड होतं तेवढं उघडलं आणि पूर्वीसारखी ओरडले, "पुढचा फाटा! उतरणारे पुढं या!"

जबडा कट्ट वाजला. वाजू दे.